ड्रोनच्या पोटात काय आहे

संपादकांनी विषय दिला तो ड्रोनचा, आणि वर बजावलं, 'फार तांत्रिक करू नका, वाचक कंटाळतात.' मे २०२५ मधल्या भारत-पाकिस्तान संघर्षाच्या त्या चार दिवसांनंतर या विषयाची गोडी सगळ्यांनाच लागली आहे. म्हैसूरला आमच्या अग्रहारात, एकशे एक गणपतीच्या देवळापाशी सकाळी फिरायला येणारी मंडळीसुद्धा हल्ली मला थांबवून रडारबद्दल विचारतात. पण नुसतं ड्रोनवर लिहायला माझं मन घेत नाही. माझी उभी नोकरी रडार आणि वायरलेस संचांच्या पोटात बसणारे इलेक्ट्रॉनिक बोर्ड तपासण्यात गेली. आशियातली लष्करं बदलत आहेत ती त्या पोटातून. पंख आणि पाती हा दिसणारा भाग, आणि तो बनवणं सगळ्यांत सोपं.

उदाहरण तोफखान्याचं देतो, कारण नाशिकजवळचं देवळालीचं तोफखाना केंद्र मराठी माणसाला माहीत आहे. चाचण्यांच्या निमित्ताने माझं तिथे जाणं होई. जुन्या पद्धतीत पुढे टेकडीवर बसलेला निरीक्षक अधिकारी लक्ष्याचा ठावठिकाणा वायरलेसवर सांगायचा. मागे कमांड पोस्टमध्ये तो नकाशावर मांडला जायचा. मग फायरिंग टेबलं उघडायची. वारा किती, हवा किती दाट, दारूगोळ्याचं तापमान काय, तोफेची नळी किती झिजली आहे, हे सगळं धरून उंची आणि दिशा काढायची आणि ती प्रत्येक तोफेला ओरडून कळवायची. उत्तम तुकडीलाही यात काही मिनिटं जात, आणि त्या मिनिटांत शत्रू जागा बदलत असे. आता भारत इलेक्ट्रॉनिक्सने बनवलेल्या 'शक्ती' या संगणकीय प्रणालीत निरीक्षकाच्या हातातल्या यंत्रातून निघालेली माहिती थेट गणकाकडे जाते आणि उत्तर तोफेजवळच्या पडद्यावर येतं. तोफ तीच, गोळाही तोच. मधला वेळ तेवढा गेला.

हवाई संरक्षणातही तेच झालं. त्या मे महिन्यात 'आकाशतीर' हे नाव घरोघरी पोहोचलं आणि लोक त्याला भारताचं आयर्न डोम (इस्रायलची हल्ले पाडणारी क्षेपणास्त्र-यंत्रणा) म्हणू लागले. हे साफ चूक आहे. आकाशतीर क्षेपणास्त्र सोडत नाही. मार्च २०२३ मध्ये संरक्षण मंत्रालयाने भारत इलेक्ट्रॉनिक्सशी १,९८२ कोटी रुपयांचा करार करून घेतलेली ही नियंत्रण यंत्रणा आहे. लष्कराच्या वेगवेगळ्या रडारांना दिसणारं आकाश ती एका पडद्यावर आणते, ते हवाई दलाच्या अशाच जाळ्याशी जोडते, आणि कोणत्या लक्ष्यावर कोणत्या तोफेने किंवा क्षेपणास्त्राने मारा करायचा हे ठरवायला मदत करते. आधी एकच विमान चार रडारांना चार विमानांसारखं दिसू शकत असे, आणि ते आपलं की परकं हे ठरवायला फोनाफोनी करावी लागे.

इथे मला थोडं तांत्रिक व्हावंच लागेल. दोन रडारांची चित्रं एकमेकांवर बसवायची, तर दोघांची घड्याळं जुळलेली हवीत. ताशी हजार-अकराशे किलोमीटरने जाणारं विमान एका सेकंदात सुमारे ३०० मीटर पुढे सरकतं. एका रडारची नोंद सेकंदभर मागे असेल, तर पडद्यावर एका विमानाची दोन विमानं होतात. वायरलेस संचांचं तर याहून नाजूक काम. आधुनिक संच शत्रूला चुकवण्यासाठी सेकंदात अनेकदा फ्रिक्वेन्सी बदलतात. बोलणारा आणि ऐकणारा संच एकाच क्षणी एकाच फ्रिक्वेन्सीवर उडी मारतील तरच बोलणं होतं. म्हणून लष्करातलं माहिती-तंत्रज्ञान म्हणजे आधी वेळ पाळणं, मग पडदे आणि सॉफ्टवेअर. हे सांगितलं की लोक माना डोलावतात आणि पुन्हा ड्रोनबद्दल विचारतात.

शेजारी काय करत आहेत, तेही सांगतो. १९९१ च्या आखाती युद्धात अमेरिकेने इराकी सैन्याचं जे केलं ते पाहून चीनने धडा घेतला. २०१५ च्या अखेरीस त्यांनी अवकाश, सायबर आणि इलेक्ट्रॉनिक युद्ध एका छत्राखाली आणणारं दल उभारलं, आणि एप्रिल २०२४ मध्ये ते मोडून माहिती-जाळ्यासाठी स्वतंत्र दल काढलं. सव्वाआठ वर्षांत आपलीच रचना मोडायची तयारी त्यांनी दाखवली, हे मला जास्त महत्त्वाचं वाटतं. चिमुकल्या सिंगापूरने ऑक्टोबर २०२२ मध्ये भूदल, नौदल आणि हवाई दलाच्या जोडीला डिजिटल आणि गुप्तवार्ता हे चौथं दल सुरू केलं. दक्षिण कोरियात जन्मदर इतका घटला की २००२ साली सात लाखांच्या आसपास असलेलं सैन्य आता साडेचार लाखांवर आलं आहे. त्यांच्यापुढे यंत्रांवाचून पर्यायच नाही. आणि सप्टेंबर २०२४ मध्ये लेबनॉनमध्ये काय झालं ते सगळ्यांनी पाहिलं. हिजबुल्ला या सशस्त्र संघटनेच्या लोकांच्या खिशातले पेजर एकाच वेळी फुटले, दुसऱ्या दिवशी वॉकी-टॉकी फुटले. त्या बातमीने जग हादरलं. आमच्या धंद्यातल्या माणसांना मात्र त्यात आपली रोजची धास्ती खरी झालेली दिसली, कारण माल कारखान्यातून गिऱ्हाईकापर्यंत कोणत्या हातांतून येतो हे तपासण्यावरच आमचं पोट भरतं.

कारखान्यांचं म्हणाल तर ते आमच्या गावातही आहेत. म्हैसूरकरांना टिपू सुलतानाच्या काळातल्या बाणांचा, म्हणजे अग्निबाणांचा, मोठा अभिमान. श्रीरंगपट्टण इथून पंधरा किलोमीटरवर. मराठी फौजांनीही त्या बाणांचा मारा सोसला होता. त्या बाणाची ताकद लोखंडी नळीत होती. कागदी किंवा बांबूच्या नळीपेक्षा लोखंडाची नळी जास्त दाब सहन करी, म्हणून बाण लांब जाई. आज इथे म्हैसुरात इलेक्ट्रॉनिक बोर्ड बनतात, पण त्यांचा अभिमान बाळगणारा मला कोणी भेटत नाही. १९८८ साली इथे सुरू झालेली केन्स टेक्नॉलॉजी, रंगसन्स इलेक्ट्रॉनिक्सची पुढे झालेली सायंट डीएलएम, आणि पंचवीसेक किलोमीटरवर नंजनगूडला ऑस्ट्रियाच्या एटी अँड एस कंपनीचा सर्किट बोर्डांचा कारखाना. इन्फोसिसची हिरवळ दाखवायला पाहुण्यांना नेतात. या कारखान्यांवरून गाडी सरळ पुढे जाते.

बोर्डाची परीक्षा कशी होते ते सांगतो. लष्करी उपकरणांसाठी 'जेएसएस ५५५५५' नावाचं मानक आहे. बोर्ड चेंबरमध्ये ठेवून कडाक्याच्या थंडीत आणि भट्टीसारख्या उष्णतेत आळीपाळीने फिरवायचा, थरथरवायचा, आपटायचा, दमट हवेत कोंडायचा, खारट धुक्यात ठेवायचा, आणि एवढं सगळं झाल्यावर तो चालला पाहिजे. ही परीक्षा कठीण आहे. तरी मला झोप लागू न देणारी गोष्ट त्याआधीची, म्हणजे बोर्डावर बसणारी चिप.

लष्करी उपकरण वीस-पंचवीस वर्षं वापरात राहतं. मोबाइलच्या बाजारासाठी बनलेली चिप पाच-सात वर्षांत बंद होते. मग जुन्या उपकरणाच्या दुरुस्तीला ती आणायची कुठून? दलालाकडून. आणि दलालाकडे ती येते भंगारातून. जुन्या संगणकांचे बोर्ड तापवून चिपा उपटतात, वरचं नाव घासून काढतात, काळा रंग फासून नवा क्रमांक आणि नवी तारीख छापतात. अमेरिकी सिनेटच्या सशस्त्र दल समितीने २०१२ साली दिलेल्या अहवालात बनावट भागांची १,८०० प्रकरणं नोंदवली आहेत, आणि त्यांतल्या संशयित भागांची संख्या दहा लाखांच्या वर आहे. माल मुख्यतः चीनमधला. अमेरिकेची ही गत, तर आपण कुठे!

एका पुरवठादाराचा असा लॉट माझ्या टेबलावर आला होता. कागदपत्रं चोख, छपाई एकदम कोरी. कापसाच्या बोळ्यावर ॲसिटोन घेऊन चिपेच्या पाठीवरून फिरवला, तर बोळा काळा झाला. रंगाखाली घासल्याचे बारीक समांतर ओरखडे दिसले आणि एका कोपऱ्यात जुना डेट कोड, वरच्या तारखेच्या कित्येक वर्षं आधीचा. सूक्ष्मदर्शकाखाली पायांवर नव्या कथिलाचा थर होता. आणि ही चिप चालत होती, हे नीट लक्षात घ्या. टेस्टरने तिला पास केलं असतं. तिने मान टाकली असती ती लडाखच्या थंडीत, दोन हिवाळ्यांनंतर. तो लॉट परत गेला तेव्हा मला शाबासकी मिळाली नाही, उशीर झाल्याबद्दल विचारणा झाली. तरीही माझ्या कामातल्या कुठल्याही गोष्टीपेक्षा मला त्या काळ्या बोळ्याचा अभिमान जास्त आहे.

म्हणूनच फेब्रुवारी २०२५ मध्ये चिनी भाग असल्याच्या कारणावरून ४०० मालवाहू ड्रोनचे करार सरकारने रद्द केले, तेव्हा मला बरं वाटलं आणि खंतही वाटली. बरं यासाठी की कोणीतरी झाकण उघडून पाहिलं. खंत यासाठी की करारावर सही होण्याआधी ते उघडलं गेलं नाही. सांगाडा इथे जोडला, वर तिरंगा चिकटवला आणि उडवणारा संगणक, कॅमेरा, रेडिओ बाहेरचे, तर त्या यंत्राला स्वदेशी म्हणायला माझी जीभ वळत नाही.

बाहेरच्यावर विसंबण्याचा विषय निघाला की कारगिल युद्धाची ती गोष्ट येतेच. १९९९ साली आपण अमेरिकेकडे जीपीएसची माहिती मागितली, अमेरिकेने नकार दिला, आणि म्हणून आपण स्वतःची यंत्रणा उभारली, हे प्रत्येक भाषणात आणि व्हॉट्सॲपवर येतं. माझा भाचासुद्धा म्हणतो, "काका, बटण बंद केलं ना त्यांनी?" असं बटण नव्हतं. जीपीएसचे उपग्रह आकाशवाणीप्रमाणे सगळ्यांसाठी प्रक्षेपण करतात, ते ऐकणारा संच कोणाची परवानगी घेत नाही. त्या वेळी अमेरिका नागरी संकेतात मुद्दाम चूक मिसळत असे, आणि ती साऱ्या जगासाठी होती. त्यामुळे ठिकाणात शंभरेक मीटरचा फरक पडे. मे २००० मध्ये त्यांनी ती चूक काढून टाकली. अचूक लष्करी संकेत कुलूपबंद होता आणि किल्ली फक्त मित्रराष्ट्रांकडे होती. कारगिलच्या कथेत नेमकी कशाची मागणी झाली, हे कथा सांगणारा कोणीच सांगत नाही. मला ही कथा खटकते ती तिच्या परिणामामुळे. दोष एका दुष्ट बटणावर ढकलला की आपलं काम संपल्यासारखं वाटतं. खरा धोका रोजचा आहे. हा संकेत जमिनीवर पोहोचेपर्यंत इतका क्षीण होतो की एखादा छोटा प्रक्षेपक तो बुडवू शकतो किंवा खोटा संकेत घुसवू शकतो. नोव्हेंबर २०२३ ते फेब्रुवारी २०२५ या काळात असे ४६५ प्रकार विमानांच्या बाबतीत नोंदले गेले, मुख्यतः अमृतसर आणि जम्मूच्या भागात.

जीपीएससारखी आपली नाविक ही उपग्रह यंत्रणा म्हणूनच हवी, आणि तिचा जीव आहे घड्याळात. प्रकाश एका मायक्रोसेकंदात ३०० मीटर जातो, म्हणजे उपग्रहाचं घड्याळ तेवढं चुकलं तर अंतर तेवढं चुकतं. २०१३ ते २०१६ या काळात आपण सात उपग्रह सोडले, त्यांतली रुबिडियम घड्याळं स्वित्झर्लंडची होती. पहिल्या उपग्रहाची तिन्ही घड्याळं बंद पडली. युरोपच्या गॅलिलिओ यंत्रणेतही त्याच कंपनीची काही घड्याळं थांबली होती. अहमदाबादच्या अवकाश उपयोजन केंद्राने भारतीय रुबिडियम घड्याळ तयार केलं आणि मे २०२३ मध्ये ते एनव्हीएस-०१ उपग्रहातून वर गेलं. ज्यांनी ते केलं त्यांची नावं वर्तमानपत्रांत ठळक यायला हवी होती. पुढचा एनव्हीएस-०२ जानेवारी २०२५ मध्ये श्रीहरिकोट्याच्या शंभराव्या उड्डाणात गेला, पण त्याच्या इंजिनाची झडप उघडली नाही आणि तो ठरलेल्या कक्षेत पोहोचलाच नाही.

चीनने अशीच आपली बेइदो यंत्रणा २०२० साली पूर्ण केली. आपल्याकडे जुलै २०२५ मध्ये सरकारने संसदेत दिलेल्या माहितीनुसार, सोडलेल्या अकरा उपग्रहांपैकी ठिकाण आणि वेळ सांगण्याचं काम तेव्हा चारच करत होते. ठिकाण काढायला किमान चार लागतात, लांबी-रुंदी-उंचीचे तीन आणि वेळेचा चौथा. म्हणजे राखीव एकही नव्हता. पुढच्या वर्षी ड्रोनखरेदीचे आकडे वाचाल तेव्हा त्याच पानावर नाविकचे उरलेले उपग्रह कधी जाणार हेही शोधा, आणि ते छापलेलं नसेल तर संपादकांना पत्र लिहा.