चौकशी मुक्कामाला

पाहुणा तिसऱ्या दिवशी जड होतो म्हणतात. माझी खातेनिहाय चौकशी नऊ वर्षं मुक्कामाला होती! आरोप एकच: फाईल गहाळ केली. चौकशी अधिकारी तीन बदलले. पुढे चौकशीचीच फाईल गहाळ झाली. तिची चौकशी मात्र कुणी लावली नाही. बढती हुकली, मी निवृत्त झालो, ग्रॅच्युइटी अडकली. आई रोज विचारी, "लागला का रे निकाल?"

शेवटी वकील गाठला. तो म्हणाला, "काका, सहा महिन्यांत, फार तर वर्षात चौकशी संपवा, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१५ सालीच सांगितलंय. मध्य प्रदेशातल्या एका अधिकाऱ्याचे आरोप तर बारा वर्षांच्या उशिरापायी रद्द झाले. १९९० साली तेही कायम राहिलं."

"मग माझेही जातील?"

"उशीर तुमच्यामुळे झालेला नाही ना? मग प्रयत्न करू. निदान मुदत तरी घालून मिळेल."

न्यायाधिकरणाने चार महिन्यांची मुदत घातली. नऊ वर्षं न हललेला कागद धावत सुटला. 'आरोप सिद्ध होत नाही.'

ही म्हणाली, "हे मी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं."

निकाल मी मोठ्याने वाचला. आईच्या फोटोला ऐकू कमी येतं ना!