फातमा बेगमचं रीळ

नंदुरबार

चि. सई,


वर्गात दाखवायला बाईनं काढलेला एखादा जर्मन मूकपट सुचव, असं तू लिहिलंस. लोटे रायनिगरचा ‘प्रिन्स अखमेद’ घे. काळ्या पुठ्ठ्यातून कात्रीनं कापलेल्या आकृत्या, खालून उजेड सोडलेली काच, आणि प्रत्येक फ्रेमला आकृती हातानं जराशी सरकवायची. तीन वर्षं हे चाललं, तेव्हा १९२६ मध्ये तो बर्लिनला पडद्यावर आला.

पण त्याच १९२६ साली मुंबईत फातमा बेगमनं ‘बुलबुल-ए-परिस्तान’ काढला, हे पोरांना सांगितल्याशिवाय राहू नकोस. ही पण परीकथाच, इथेही कॅमेऱ्याच्या करामती. बाई उर्दू रंगभूमीवरून आलेली. १९२२ च्या ‘वीर अभिमन्यू’त ती उभी राहिली तेव्हा बायकांची कामं सर्रास पुरुष करत. पुढच्या चार वर्षांत तिनं स्वतःची फातमा फिल्म्स काढली आणि दिग्दर्शनही हाती घेतलं. भारतातली पहिली स्त्री-दिग्दर्शक ती! कुणी तिला नुसती नटी म्हटलं की मला राग येतो.

तिचा तो चित्रपट आज कुणालाच बघता येत नाही, प्रतच उरलेली नाही. रायनिगरची मूळ निगेटिव्हही १९४५ मध्ये बर्लिनच्या लढाईत गेली. पण एक प्रत लंडनला होती, म्हणून तो वाचला.

आपल्याकडची रिळं आगीत गेली, दमटपणानं कुजली, आणि कितीतरी चांदीपायी गेली. फिल्मवरच्या थरात चांदी असते. ती काढून विकायची. फातमाची लेक झुबेदा १९३१ च्या ‘आलम आरा’ची नायिका. त्या रिळांतली चांदी काढून घेतल्याचं पुण्याच्या चित्रपट संग्रहालयाच्या पी. के. नायरांना खुद्द तो काढणाऱ्या इराणींच्या घरातूनच कळलं. म्हणजे आईनं दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट नाही आणि लेकीचा पहिला बोलपटही नाही. संग्रहालय निघालं १९६४ साली, तोवर फार उशीर झाला होता. तरी नायरांनी पिच्छा पुरवून फाळक्यांची हाती लागली तेवढी रिळं जपली.

काठी गावच्या होळीत चांदीनं मढून नाचणाऱ्या बायांचं तू केलेलं चित्रण अजून एकट्या तुझ्या लॅपटॉपवरच आहे, असं तुझी आई म्हणाली. सई, एक प्रत त्या बायांच्या पाड्यावर दे, एक पुण्यात दुसऱ्या कुणाकडे ठेव आणि एक मला पाठव. परीक्षेनंतर नको, या आठवड्यातच कर.

तुझी,
आत्या