कार्बनखालची वही

कोल्हापूरजवळच्या शिरोली एमआयडीसीतल्या एका फाउंड्रीत मी अकरा वर्षं कोअर शॉपमध्ये काम केलं. वाळूत बाइंडर मिसळायचा, ती कोअर बॉक्समध्ये ठासून भरायची, ओतीव भागात पोकळी राखणारा वाळूचा गाभा, म्हणजे कोअर, अलगद सोडवून भट्टीत भाजायला द्यायचा. नोटाबंदीनंतर, डिसेंबर २०१६ पासून, पगार थांबला. ‘दहा तारखेला बघू,’ मालक म्हणायचे. दहाची वीस व्हायची. जून २०१७ अखेर कोअर शॉपला कुलूप लागलं, तेव्हा दरमहा साडेबारा हजारांप्रमाणे माझे सात महिन्यांचे ८७,५०० रुपये अडकले होते.

त्या सात महिन्यांत मी ऑफिसच्या दारात हात जोडून उभी राहायचे. मुलाची फी, किराणा दुकानातली उधारी, सासूबाईंचं औषध. दर वेळी नवी अडचण सांगायचे. अडचण मोठी असली तरच पैसे मिळतील, असं वाटायचं.

युनियनच्या ओळखीनं वकील भेटले. औद्योगिक विवाद कायद्याच्या कलम ३३-सी (२) खाली कामगार न्यायालयात अर्ज करू, म्हणाले. मी त्यांनाही घरची अडचण सांगू लागले, तसं त्यांनी थांबवलं. ‘ताई, हे सांगायची गरज नाही. या कलमात कोर्ट नवा हक्क देत नाही. जे तुमचं आधीच येणं आहे, त्याचा हिशेब करून देतं.’ त्या दिवसापासून मी कुणापुढे हात जोडले नाहीत.

कंपनीनं लेखी उत्तरात दोन गोष्टी मांडल्या. एक, त्या महिन्यांत मला काम नव्हतंच. दुसरी, मी कामगारच नव्हे. माझ्या पत्रावर ‘सुपरवायझर’ लिहिलं होतं, हाताखाली सहा बायका होत्या. आणि दहा हजारांवर पगार असलेला सुपरवायझर त्या कायद्यात कामगार ठरत नव्हता.

दोन्हींचं उत्तर माझ्या ट्रंकेत होतं. रोज कुणी किती कोअर केले, किती फुटले, हे मी कार्बन घालून लिहायचे. वरचं पान ऑफिसला, खालचं वहीत. वह्या संपल्या की घरी ठेवायचे; शाळेत लागलेली सवय. त्या सात महिन्यांच्या पानापानावर सहा जणींच्या नावांच्या वर पहिलं नाव माझं होतं, पुढे माझ्या कोअरचा आकडा. काम होतं, आणि ते माझे हात करत होते. पत्रावर हुद्दा काहीही असो, मुख्य काम कोणतं, हे कोर्ट बघतं.

उलटतपासणीत विचारलं गेलं, ‘पगार नव्हता, तर सात महिने कामावर का गेलात?’ मी म्हणाले, ‘सोडलं असतं, तर मागचा बुडाला असता.’

असा अर्ज तीन महिन्यांत निकाली काढावा, असं त्या कायद्यात होतं. मला अडीच वर्षं लागली. २०२० च्या सुरुवातीला निकाल माझ्या बाजूनं लागला, आणि कंपनी मुंबईला उच्च न्यायालयात गेली. रक्कम कोर्टात भरल्यावरच स्थगिती मिळाली. मी मात्र घाबरले. सगळं पुन्हा सिद्ध करायचं? वकिलांनी समजावलं : हे अपील नाही, राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खालची देखरेख आहे. पुरावा नव्यानं तोलत नाहीत. खालच्या कोर्टानं अधिकार ओलांडला का, पुराव्याला सोडून निष्कर्ष काढला का, एवढंच बघतात.

महालक्ष्मी एक्स्प्रेसनं रात्रभर प्रवास करून सीएसएमटीवर उतरले, हुतात्मा चौकावरून चालत कोर्टात गेले. बोलणं सगळं इंग्रजीत. न्यायमूर्तींच्या हातातला कागद मात्र लांबूनही कळला; शेपूट लांब ओढलेला तो सात माझाच होता. वीस मिनिटांत याचिका फेटाळली गेली. कोर्टात भरलेले पैसे पुढे खात्यात जमा झाले. उधारी तोवर माझ्या पाटल्या विकून फिटली होती.

१८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरातच सुरू झालं आहे. रात्रीची गाडी, मुंबईतला मुक्काम, बुडालेला रोज, हे आमच्या बायकांचं वाचेल. पगार थकलेल्या काही जणी आता माझ्याकडे येतात आणि घरची अडचण सांगू लागतात. मी ऐकून घेते, चहा ठेवते, आणि मग विचारते, ‘कामाचं काय काय लिहून ठेवलंयस?’