ऑफिसातले मासे

बऱ्याच दिवसांनी लिहायला बसलेय. विषय काही वर्षं मनात होता, पण त्यात दादा येतो, आणि त्याला न विचारता लिहिणं बरं वाटेना. गेल्या रविवारी फोनवर विचारलं. "लिही की, मला काय होतंय," म्हणाला. म्हणून हे.

2018 चा सप्टेंबर. आमचे चिरंजीव नुकतेच दुसरीत गेले होते. इथे ओरेगनमध्ये शाळा सुरू होऊन तीन आठवडे होत नाहीत तोच बाईंच्या ईमेल यायला लागल्या. आज पेन्सिल फेकली. आज शेजारच्या मुलीचा कागद फाडला. आज टेबलाखाली जाऊन बसला, बाहेर येईना, म्हणून ऑफिसात पाठवलं. घरी हाच मुलगा शांतपणे लेगो जोडत बसायचा. मी लाजेने अर्धी झाले होते. आपण परक्या देशात, त्यात आपलंच पोर शाळेत असं वागतंय... मग आपल्याकडची सगळी शस्त्रं बाहेर काढली. दटावून झालं, टीव्ही बंद करून झाला, "बाबांना सांगेन" हेही झालं. (बाबा शेजारच्याच खोलीत असायचे आणि त्यांना सगळं ऐकू यायचं, ते सोडा :) )

मग शाळेने त्याच्यासाठी एक कार्ड सुरू केलं. सकाळी शाळेत पोचल्यावर एका ठरावीक बाईंना भेटायचं, कार्ड घ्यायचं. दिवसाचे सहा भाग आणि प्रत्येक भागात तीन गोष्टी: सुरक्षित राहणं, आदराने वागणं, जबाबदारीने वागणं. प्रत्येकी शून्य, एक किंवा दोन गुण. म्हणजे एकूण 36, आणि ध्येय 80 टक्के, म्हणजे 29. दुपारी परत त्या बाईंना भेटून बेरीज करायची आणि घरी आणून आमची सही घ्यायची. याला 'चेक-इन चेक-आउट' म्हणतात. नवरा म्हणाला, "ही गुणांची लाच झाली." मलाही तसंच वाटलं होतं. नंतर वाचल्यावर कळलं की ही कुणा एका बाईंची हौस नव्हती. ही सगळी पद्धत ज्या विचारातून आली त्याचं एक मोठं केंद्र आमच्याच राज्यात, युजीनच्या ओरेगन विद्यापीठात आहे. रॉब हॉर्नर, जॉर्ज सुगाई वगैरे मंडळींनी तिथे वर्षानुवर्षं काम केलं. 1997 साली अमेरिकेच्या अपंग विद्यार्थ्यांच्या शिक्षणाच्या कायद्यात दुरुस्ती झाली. ज्या मुलाचं वागणं शिकण्याच्या आड येतं, त्याच्यासाठी आधी अशा सकारात्मक उपायांचा विचार करा, असं त्यात आलं. कार्डाच्या पद्धतीवरचं पुस्तक 2004 चं.

कार्डाबरोबर पालकांसाठी एक सूचना होती. गुण कमी आले तर घरी शिक्षा करू नका. शाळेतलं शाळेत मिटलेलं असतं. मी ती वाचली, सहीही केली, आणि तिसऱ्याच दिवशी 19 गुण बघून त्याचा आयपॅड काढून घेतला. दुसऱ्या दिवशी कार्ड घरी आलंच नाही. बसमध्ये सीटखाली सापडलं, चोळामोळा केलेलं. सात वर्षांचं पोर पुरावा लपवायला शिकलं, तेही माझ्यामुळे.

तीन आठवडे झाले तरी फरक नव्हता. तेव्हा शाळेच्या मानसशास्त्रज्ञ बाईंनी आम्हाला बोलावलं. मी मान खाली घालून ऐकायच्या तयारीने गेले होते. त्यांनी एक तक्ता पुढे ठेवला. तीन रकाने: आधी काय घडलं, त्याने काय केलं, नंतर काय झालं. दोन आठवडे कुणीतरी वर्गात बसून हे टिपलं होतं. अकरा नोंदी होत्या. त्यातल्या नऊ लेखनाच्या तासाच्या, सकाळी दहानंतरच्या. आणि नऊच्या नऊ नोंदींत शेवटच्या रकान्यात एकच गोष्ट: 'ऑफिसात पाठवलं'.

"याला यातून काय मिळतं असं तुम्हाला वाटतं?" त्यांनी विचारलं.

आणि मला मासे आठवले. शाळेच्या ऑफिसात काचेच्या पेटीत मासे होते. चिरंजीव घरी येऊन रोज त्यांच्याबद्दल सांगायचे. तिघांची नावं पाठ. कुठला कुठल्याला घाबरतो, कुठला दगडामागे लपतो, सगळं. शाळेतल्या मित्रांची नावं विचारली तर दोनसुद्धा धड सांगता येत नव्हती. एवढं महिनाभर ऐकूनही माझ्या डोक्यात प्रकाश पडला नव्हता.

बाईंनी समजावलं ते थोडक्यात असं. ज्या मुलाला मोठ्यांचं लक्ष हवं असतं, त्याच्यासाठी ते कार्ड छान चालतं, कारण दिवसभर कुणीतरी भेटतं, चार शब्द बोलतं. पण ज्याला एखाद्या कामापासून सुटका हवी असते, त्याला नुसत्या कार्डाचा तेवढा भरवसा नाही. त्यांनी शिक्षा म्हणून त्याला बाहेर काढलं, आणि त्याला नेमकं तेच हवं होतं. तो वाईट वागत नव्हता, तिकीट काढत होता.

उपाय मग साधेच होते. लेखनाचं काम तीन-तीन ओळींचं केलं. टेबलावर तीन छोटी कार्डं ठेवली. एक पुढे सरकवलं की दोन मिनिटं सुट्टी, प्रश्न नाहीत. आणि "मला हे जमत नाहीये" हे वाक्य त्याच्याकडून चक्क घोकून घेतलं. या मागेही जुनं संशोधन आहे. 1985 साली कार आणि डुरँड या दोघांनी चार मुलांवरच्या प्रयोगात दाखवलं होतं की गोंधळ घालून जे मिळतं तेच मागून मिळवायला शिकवलं, तर गोंधळ कमी होतो. वाचायला सोपं आहे. पण सात वर्षांच्या मुलाला "जमत नाही" म्हणायची लाज पेन्सिल फेकण्याच्या लाजेपेक्षा मोठी असते, हे मी समोर बसून पाहिलंय. पहिल्या आठवड्यात त्याने ते वाक्य एकदाही म्हटलं नाही.

पुढे वाचनाची वेगळी तपासणी झाली आणि डिस्लेक्सिया निघाला. 'तारे जमीं पर' मी 2007 मध्ये थिएटरात दोन रुमाल भिजवून पाहिला होता. उपयोग शून्य.

आता दादा. सातारा जिल्ह्यातली आमची शाळा, कौलारू, समोर कडुनिंब. दादा माझ्यापेक्षा तीन वर्षांनी मोठा. शुद्धलेखनाचा तास आला की तो हमखास काहीतरी करायचा. शाई सांड, कुणाची टोपी उडव. गुरुजी छडी मारायचे आणि बाहेर अंगठे धरून उभं करायचे. आमच्या वर्गाच्या खिडकीतून तो दिसायचा. पाण्याचा माठ भरायला, गुरुजींचा चहा आणायला पहिला हात त्याचाच वर. सगळ्यांना वाटायचं, पोरगा वाया गेलेला पण कामाला वाघ. आणि संध्याकाळी मी अण्णांना सांगायचे, आज दादा पुन्हा बाहेर होता. मग दुसरा मार. मी हुशार मुलगी होते ना, खोटं बोलत नसे.

दादाने नववीत शाळा सोडली. आज त्याचं पंप आणि मोटारींच्या दुरुस्तीचं दुकान आहे. आवाज ऐकून बिघाड सांगतो. बिलं वहिनी लिहिते. ती का लिहिते, हे मी कधी विचारलंच नव्हतं.

2009 च्या शिक्षण हक्क कायद्याने आता शाळेत मारायला बंदी आहे, आणि ती हवीच होती. पण छडी गेली म्हणून तो तीन रकान्यांचा तक्ता आपोआप येत नाही. चाळीस-पन्नास मुलांच्या वर्गात तो भरणार कोण, हेही मला दिसतं. आमच्या गुरुजींवर राग धरावा असंही वाटत नाही. त्यांना हे कुणी शिकवलं नव्हतं. माझा स्वतःवरचा राग मात्र अजून तसाच आहे.

तर रविवारी फोनवर विचारलंच. "दादा, तू मुद्दाम बाहेर जायचास का रे?"

खूप वेळ हसला. मग म्हणाला, "आत छडी, बाहेर अंगठे. पण बाहेर वही नसायची गं समोर."

मी अण्णांना सांगायचे त्याबद्दल मी काहीतरी पुटपुटले. तो म्हणाला, "ते ऱ्हाऊ दे." मग जरा थांबून, "पोराला आता लिहिता येतंय का?" येतंय, म्हटलं. हायस्कूलात आहे, टाइप करतो, हाताने लिहायला अजून वेळ लागतो. "आणि ते मासे?" त्याने विचारलं. मासे आहेत की नाही मला माहीत नाही, ती शाळा केव्हाच सुटली.

हे वहिनी त्याला वाचून दाखवेल. वहिनी, अंगठ्यांचा भाग गाळू नकोस. त्यानेच ठेवायला सांगितलाय.