आउटपुटवर आळ

साखरशेत गावात माझ्याकडे व्हॉल्व्हचा अ‍ॅम्प्लिफायर दुरुस्तीला आला, की आणणारा निदानही सोबत घेऊन येतो. "दादा, आउटपुट गेलंय." आवाज बसो, घरघर येवो, फ्यूज उडो, आळ आउटपुट ट्रान्सफॉर्मरवरच. सगळ्यात जड आणि महाग तोच, म्हणून असेल. पण तो आपल्या मरणाने क्वचितच मरतो.

लग्नातलं जुनं मशीन असो की 1962 साली लंडनला जिम मार्शलच्या दुकानात तयार झालेला गिटार अ‍ॅम्प, आउटपुट ट्रान्सफॉर्मरचं काम एकच, व्हॉल्व्ह आणि स्पीकरचा मेळ घालणं. व्हॉल्व्हच्या जोडीला काही हजार ओहमचा भार लागतो आणि स्पीकर असतो 8 किंवा 16 ओहमचा. 3,200 ला 8 ने भागलं की 400, त्याचं वर्गमूळ 20. म्हणजे स्पीकरकडच्या सेकंडरीच्या एका वेढ्याला व्हॉल्व्हकडच्या प्रायमरीचे वीस.

बोहाड्याच्या, म्हणजे मुखवट्यांच्या सोंगांच्या रात्री गर्दीच्या पायाखाली स्पीकरची वायर तुटते आणि मशीन तसंच चालू राहतं. ट्रान्झिस्टरचं मशीन हे सोसतं, त्याचा जीव शॉर्टने जातो. व्हॉल्व्हचं उलटं. भार सुटला की प्रायमरीवर हजारावर व्होल्ट उसळतात, वेढ्यांमधला कागद जळतो. पावसाळाभर ओल धरलेला असेल तर लवकरच. कधी सॉकेटवर पिनांमध्ये काळी रेघ उमटते. मी आधी ती शोधतो.

मग फिल्टर कंडेन्सर रिकामे करायचे. बंद मशीनमध्येही 400 व्होल्ट दबा धरून असतात. प्रायमरीचा एक अर्धा भाग 90 ओहम, दुसरा 98 दाखवतो. घाबरू नये, बाहेरच्या वेढ्यांना तार जास्त लागते. आतले दोन वेढे चिकटले असतील तर मात्र मीटर गप्पच बसतो. म्हणून ट्रान्सफॉर्मर सर्किटमधून सोडवून सेकंडरीला छोट्या बल्बमधून 6 व्होल्ट एसी देतो. बल्ब विझलेला राहिला तर माल चांगला, पेटला तर शॉर्ट. प्रायमरीला तेव्हा 120 व्होल्ट असतात, हात लांब.

व्हॉल्व्हची प्लेट लाल होत असेल, तर बहुतेकदा ग्रिडचा कपलिंग कंडेन्सर गळत असतो. दहा-वीस रुपयांची वस्तू. ती न बदलता रिवाइंडिंग केलं की नवी कॉइलही जळते.

रिवाइंडिंगवाल्याला मी उलगडताना थर लिहून ठेवायला सांगतो. प्रायमरी-सेकंडरीचे थर आलटूनपालटून असतात. त्याने दोन्ही एकगठ्ठा भरले तरी मशीन वाजतं, फक्त वरचे सूर बोथट होतात. भोंग्यावर ते कुणाच्या लक्षात येत नाही. गिटारवाला पहिल्याच तारेला मान वर करतो.