आझादीचं देणं

दिल्लीतल्या एका छोट्या रेकॉर्ड कंपनीचं माझ्यावर ऋण आहे. माझ्या गावी, हदगावात हे कोणाला सांगितलं तर पटत नाही.

बारावीनंतर पुण्याला गेलो. आमच्या बोलीत 'काय करूलालास?' एवढं म्हटलं तरी पोरं हसायची. हळूहळू मी बोलणंच सोडलं. खोलीवर अमरावतीचा एक दादा होता. त्यानं एका रात्री हेडफोन दिला, म्हणाला, "ऐक, हा आमच्या गावचा." तो होता रॅपर हंड्रेड आरबीएच, मुंबईच्या 'स्वदेशी' या रॅप गटातला. त्याच गटात एमसी मवाली मराठीत रॅप करायचा, तोडफोड गुजरातीत. त्यांचं 'द वारली रिव्होल्ट' हे गाणं २०१९ चं. त्यात मुंबईच्या आरेतले वारली कलाकार प्रकाश भोईर आहेत. जंगल-जमिनीचा राग इतक्या थेट मराठीत मी शाहिरीबाहेर कधी ऐकला नव्हता.

'स्वदेशी'चा 'चेतावनी' हा अल्बम २०२० मध्ये आला तो आझादी रेकॉर्ड्सकडून. मो जोशी आणि उदय कपूर यांनी ही कंपनी २०१७ मध्ये सुरू केली. त्याच वर्षी पश्चिम दिल्लीच्या प्रभ दीपचा 'क्लास-सिख' काढला, तो पंजाबीत. पुढं श्रीनगरच्या अहमरचा अल्बम आला. बाजार सिनेमाच्या गाण्यांचा असताना या लोकांनी ज्याचं दुःख त्याच्याच बोलीत येऊ दिलं, हे मला त्यांचं सगळ्यात मोठं काम वाटतं. अमेरिकेतही आधी असंच झालं होतं: रॅप म्हणजे न्यूयॉर्क आणि लॉस एंजेलिस असं धरलं जायचं, तेव्हा ह्यूस्टनच्या जे. प्रिन्स यांनी रॅप-ए-लॉट ही रेकॉर्ड कंपनी उभी केली आणि दक्षिणेच्या बोलीला जागा मिळाली. हे मी फार नंतर वाचलं. वाचताना डोळ्यांसमोर मात्र हदगावच होतं.

आझादीकडून गाणी काढणारे प्रभ दीप आणि सीधे मौत ही दिल्लीची रॅपर जोडी पुढं आपापल्या वाटेनं गेले. 'स्वदेशी'चा तोडफोड २०२२ च्या मार्चमध्ये वारला, अवघ्या चोविसाव्या वर्षी. 'गली बॉय' सिनेमातल्या 'इंडिया ९१' या गाण्यामुळे त्याचा आवाज देशभर पोचला होता. त्याला भेटून आभार मानायचे होते. ते राहिलंच.

दादा आता नोकरीला आहे. त्याला फोन केला की मी हदगावच्याच बोलीत बोलतो. गेल्या भीमजयंतीला आमच्या जवळच्या तामशाच्या दोन पोरांनी हळदीच्या भावावर रॅप लिहिला, त्यांच्या रेकॉर्डिंगचा खर्च मी केला. पोरं पैसे परत करतो म्हणाली, मी नको म्हणालो.