गाडी आपली, पण तिचा मेंदू कोणाचा?

गाडीचं आरसी आपल्या नावावर. हप्ते आपण फेडले, विमाही आपणच भरतो. पण इंजिन सांभाळणारी ईसीयू नावाची डबी बिघडली की खरा मालक कोण ते कळतं.

मागच्या पावसाळ्यात आमच्या दहा वर्षांच्या डिझेल गाडीच्या ईसीयूत पाणी गेलं. स्टार्टर फिरायचा, इंजिन काही चालू होईना. शोरूमने नव्या ईसीयूचं पाऊण लाखाचं एस्टिमेट हातात ठेवलं. दुरुस्तीचं विचारलं, तर म्हणे आमच्याकडे होत नाही.

गावातल्या ऑटो इलेक्ट्रिशियन पोराने आधी फ्यूज, रिले, अर्थिंग तपासलं. मग डबी खोलली. पिना हिरव्या पडलेल्या, बोर्ड गेलेला, पण मेमरी शाबूत. त्याच पार्ट नंबरची जुनी ईसीयू त्याने मागवली, पक्क्या बिलासह. ती नुसती जोडून भागत नाही. चावीची ओळख, इंजेक्टरचे कोड हे सगळं मूळ डबीत असतं. ते जुळलं नाही तर इमोबिलायझर इंजिन चालू होऊ देत नाही. म्हणून मूळ डेटा वाचून दुसऱ्या डबीत जसाच्या तसा उतरवायचा. यालाच क्लोनिंग म्हणतात. काम एस्टिमेटच्या चौथ्या हिश्श्यात झालं.

त्या पोराकडे कंपनीचं मॅन्युअल नाही, अधिकृत सॉफ्टवेअर नाही. सगळं व्हिडिओ बघून शिकलाय. सुटे भाग आणि तपासणीची साधनं बाहेरच्या गॅरेजना मिळू देत नाहीत, म्हणून भारतीय स्पर्धा आयोगाने २०१४ मध्ये १४ कार कंपन्यांना सुमारे २,५४४ कोटींचा दंड ठोठावला होता. प्रकरण अपिलात गेलं. २०२२ मध्ये केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागाने 'राइट टू रिपेअर'साठी समिती नेमली, त्यात वाहनंही होती. आमच्या तालुक्याच्या गॅरेजात यातलं काय पोचलं? मला तरी काही दिसलं नाही.

आता कोणी म्हणेल, हेच तंत्र चोरही वापरतात. खरंय, स्वतःची ईसीयू लावून गाड्या पळवतात. पण माहिती दडवून चोर थांबलेत का? अडतो तो सरळ मार्गाने काम करणारा. त्याला मॅन्युअल आणि सॉफ्टवेअर रास्त दरात द्या. आणि ईसीयू बदलली की आरसी, चासी नंबर आणि बिलाची नोंद ठेवणं सक्तीचं करा. दोन्ही एकाच वेळी होऊ शकतं.

तोवर एक करा मंडळी. ईसीयू गेली असं कोणी सांगितलं, तर आधी अर्थिंग आणि कनेक्टर तपासून घ्या. आणि जुनी डबी कुणाच्याही हवाली करू नका. तुमच्या गाडीची ओळख तिच्यात आहे.